मोजणीसाहेब

मुद्देसाहेबांना चालायला सांगितलं ते डॉक्टरांनी, आणि तेही रोज फक्त पंचेचाळीस मिनिटं. पुढे जे झालं त्याचं खापर डॉक्टरांवर फोडता येणार नाही, हे आधीच सांगून टाकलेलं बरं. मुद्देसाहेबांनी मध्यंतरी तसा प्रयत्न करून पाहिला होता आणि डॉक्टरांनी तपासणीची पुढची तारीख न देताच त्यांना बाहेर पाठवलं होतं.

मुद्देसाहेब हे नाव खात्याची देणगी. पाणीपुरवठ्याच्या कचेरीत चौतीस वर्षांत त्यांनी जी जी टिपणी लिहिली ती 'मुद्दा क्रमांक एक' अशी सुरू झाली आणि बहुतेक वेळा मुद्दा क्रमांक नऊपर्यंत गेली. निवृत्त होऊन ते घरी आले तेव्हा खुर्ची, शिक्का आणि शिपाई मागे राहिले; नाव तेवढं बरोबर आलं.

सफरीची जाहिरात वाचली ती बायकोनं. 'जुन्या शहराची पायी सफर. घुमट, कमानी, मिनार, सराया. वेळ तीन तास. सोबत माहीतगार गाइड.'

"जाऊ या का?" तिनं विचारलं.

"कशाला?"

"लग्नाला एकोणचाळीस वर्षं झाली. एवढ्या वर्षांत तुम्ही मला दाखवलंत काय? एक पंपिंग स्टेशन आणि दोन जलशुद्धीकरण केंद्रं."

"त्यातलं दुसरं त्या काळी सर्वांत मोठं होतं," मुद्देसाहेब म्हणाले. पण मनातल्या मनात त्यांनी हिशेब मांडला होता. तीन तास म्हणजे एकशेऐंशी मिनिटं, म्हणजे डॉक्टरांचे चार दिवस. बुधवारी एकदा चाललं की शनिवारपर्यंत बसायला मोकळे. ते हो म्हणाले.

सोसायटीत बातमी फुटायला जिना उतरण्याइतकाच वेळ लागला. खालच्या मजल्यावर एक निवृत्त ओव्हरसियर राहतात. त्यांनी उभ्या आयुष्यात बरेच पूल बांधले आणि त्यामुळे कुठल्याही बांधकामावरचा त्यांचा विश्वास उडालेला आहे. ते संध्याकाळी पिवळं हेल्मेट घेऊनच वर आले.

"हे घालून जा. जुनं बांधकाम कुणाकडे बघून पडत नाही."

"अहो, पण तीनशे वर्षं पडलं नाही ते बुधवारीच पडेल का?"

"तीनशे वर्षं पडलं नाही, म्हणूनच म्हणतोय. आता त्याची वेळ झाली."

मुद्देसाहेबांनी हेल्मेट ठेवून घेतलं. वरच्या मजल्यावरच्या मुख्याध्यापिकाबाईंनी सगळ्या कागदपत्रांच्या झेरॉक्स एका फायलीत घालून जवळ ठेवायला सांगितलं. कारण? "हरवलात तर." हरवल्यावर फाइल कुणाला दाखवायची, हे त्यांनी सांगितलं नाही. मुद्देसाहेबांनी स्वतःच्या विचारानं एक वही आणि दोन पेनं घेतली, एक निळं आणि एक लाल. अशा रीतीनं बुधवारी सकाळी साडेनऊला ते जुन्या शहराच्या वेशीपाशी उभे राहिले तेव्हा डोक्यावर पिवळं हेल्मेट, काखेत फाइल, हातात वही आणि खिशाला दोन पेनं होती. सफरीच्या मंडळींनी त्यावर गळ्यात अडकवायचा बिल्ला दिला, 'क्र. ११'. बायको बारा नंबर होती आणि तिच्याकडे छत्री, पाण्याची बाटली आणि शहाणपण एवढंच सामान होतं.

गाइड हा तिशीतला, अंगानं बारीक आणि आवाजानं जाड असा गृहस्थ होता. आवाजाचं कारण कमरेला बांधलेला लाउडस्पीकर. हातात लाल छत्री, ती उंच धरून तो पुढे चालायचा आणि मागून वीस माणसं. वेशीची कमान त्यानं चांगली समजावून सांगितली. दोन्ही बाजूंचे दगड एकमेकांवर कसे रेलतात, मधला दगड त्यांना कसा अडवून धरतो, कुणीच कुणाला खाली पडू कसं देत नाही. मुद्देसाहेबांना ते आवडलं. त्यांनी निळ्या पेनानं लिहून घेतलं. कमान तीनशे वर्षांची, हेही लिहिलं.

मग मंडळी मशिदीपाशी आली. मोठा घुमट, दोन मिनार, मधोमध हौद. गाइड म्हणाला, "वेशीची कमान आणि हा घुमट एकाच साली बांधले गेले. आज त्याला साडेतीनशे वर्षं झाली."

मुद्देसाहेबांचा हात वर गेला. तो आपोआपच गेला. चौतीस वर्षांची सवय.

"मुद्दा असा, की वेशीपाशी आपण तीनशे म्हणालात. इथे साडेतीनशे. आपण चालत आलो फक्त दहा मिनिटं."

लोक हसले. मुद्देसाहेबांना वाटलं, आपल्या बाजूनं हसले. त्यांनी चेहरा गंभीर ठेवला. गाइडनं लाउडस्पीकर जरा मोठा केला.

"काका, आपण ऐकायला आलोय की तपासायला? आणि ते हेल्मेट काढा हो, सगळ्यांच्या फोटोत पिवळं येतंय."

आता लोक पुन्हा हसले, आणि या खेपेला बाजू कुठली याबद्दल शंका उरली नाही. सगळ्यांत जास्त लागलं ते हे, की बायकोही हसली. तोंडावर पदर घेऊन हसली, पण खांदे हलत होते. एका माणसाच्या टिपणीवरून पूर्वी अख्ख्या वसाहतीचं पाणी एक तास पुढेमागे व्हायचं. तोच माणूस आज हौदाकाठी फोटोतला पिवळा डाग होऊन उभा होता. त्यांनी हेल्मेट काढलं नाही. काढलं असतं तर पुढचं काहीच झालं नसतं. पण माणसाला उरलासुरला मान कधी कधी डोक्यावरच ठेवावा लागतो.

आत जाताना सगळ्यांनी चपला काढल्या. मुद्देसाहेबांचे बूट नाडीचे. आत गेल्यावर घुमटाखाली गारवा होता, शांतता होती, गाइडसुद्धा लाउडस्पीकर बंद करून बोलत होता. पण मुद्देसाहेबांचं लक्ष लागेना. बाहेर आल्यावर सगळ्यांनी चपला पायांत सरकवल्या आणि निघाले. मुद्देसाहेब पायरीवर बसून नाड्यांशी झगडत राहिले. गुडघे वाकत नव्हते. बायको खाली वाकली तर "राहू दे, मी हसण्यासारखं काही करत नाहीये," असं म्हणाले. तिनं कपाळाला हात लावला आणि छत्रीवर रेलून उभी राहिली. दोन्ही बूट चढेपर्यंत समोरचा चौक रिकामा झाला होता.

"ती बघा छत्री," बायको म्हणाली.

डाव्या हाताच्या गल्लीत, वळणापाशी, लाल छत्री दिसत होती. दोघं तिकडे निघाले. गल्ली जेमतेम नऊ फुटांची. दोन्ही बाजूंना जुनी घरं, वर लाकडी जाळीच्या खिडक्या, त्या एकमेकींकडे इतक्या झुकलेल्या की मधल्या आभाळाची नुसती पट्टी उरलेली. छत्रीपाशी पोचले तेव्हा कळलं की ती कुणी हातात धरलेली नव्हती. ती एका टेबलाला बांधलेली होती. टेबलावर चाव्यांचे जुडगे, कानस आणि चावी घासायचं छोटं यंत्र. छत्रीखालचा चावीवाला, साठीतला, पांढऱ्या दाढीचा, त्यांना पाहताच उठून उभा राहिला.

"या साहेब. दहाची वेळ होती, साडेदहा झाले. पण आलात हे महत्त्वाचं. अहो, खुर्ची आणा कुणीतरी! मोजणीसाहेब आले!"

खुर्ची आली. एक नव्हे, दोन आल्या. दारं उघडली, जाळ्यांमागे डोकी हलली, आणि बघता बघता त्या नऊ फुटांत पंचवीस माणसं मावली.

झालं होतं असं, की गल्ली वीस फुटी करायची ठरली होती आणि 'बुधवारी सकाळी दहा वाजता मोजणीस अधिकारी येतील, मिळकतदारांनी कागदांसह हजर राहावे' अशी नोटीस कोपऱ्यावर चिकटवलेली होती. अधिकारी आले नव्हते. आले होते मुद्देसाहेब. हेल्मेट, फाइल, वही, बिल्ला आणि मागे छत्री घेतलेल्या बाई, ज्यांना गल्लीनं वरिष्ठ अधिकारी ठरवून टाकलं.

"अहो, सांगा ना त्यांना," बायको हळूच म्हणाली.

"सांगतोय." मुद्देसाहेबांनी घसा साफ केला. "हे पाहा, प्रस्तुत प्रकरणी मी सक्षम अधिकारी नाही."

हेच वाक्य साध्या मराठीत बोलले असते, तर सुटले असते. पण ते बोलले खात्याच्या मराठीत, आणि गल्लीची उरलीसुरली शंकाही फिटली. चावीवाल्यानं मागे वळून सगळ्यांना समजावलं, "सक्षम अधिकारी नंतर येणार. हे आधीचे. आधीचेच खरे असतात, नंतरचे नुसती सही करतात."

आता इथे मुद्देसाहेबांच्या बाजूनं एवढंच सांगता येईल, की त्यांनी आणखी दोनदा तोंड उघडलं होतं. पण मघाशी हौदाकाठी जो माणूस 'काका' होता तो इथे 'साहेब' होता. समोर चहा आला होता. पंचवीस माणसं त्यांच्या लाल पेनाकडे बघत होती. ते खुर्चीत बसले. बसताना जरा बरं वाटलं, आणि त्या बरं वाटण्याची त्यांना पुढे फार दिवस लाज वाटली.

चावीवाल्यानं नऊ अर्ज गोळा करून ठेवले होते. त्याची स्वतःची खोली छत्रीच्या मागेच होती, पण आखणीत तिची फक्त पायरी जात होती. तरी सगळ्यांच्या दारी जाऊन सह्या घेतल्या होत्या त्यानंच. "बहुतेकांचे ओटे आणि पायऱ्याच जातायत साहेब, ते सोसेल. पण या समोरच्या बाइंडरचं बघा. त्याचं सगळंच जातंय. आत येऊन बघा."

बाइंडर दारात उभा होता. उंच, वाकलेला, बोटांना खळ लागलेली. तो नुसता बाजूला झाला. बाहेरून ते दार इतर दारांसारखंच होतं, ठेंगणं आणि रंग उडालेलं. मुद्देसाहेब हेल्मेट सांभाळत वाकून आत गेले आणि सरळ उभे राहून त्यांनी मान वर केली.

आत चौकोनी खोली होती आणि तिच्यावर घुमट. फार मोठा नव्हे, पण जसा हवा तसा. घुमटाला चांदण्यांच्या आकाराची भोकं, त्यांत जाड काचा, आणि त्यांतून उजेडाचे तिरपे दांडे खाली पुस्तकांच्या थप्प्यांवर उतरलेले. भिंतींचा गिलावा इतका गुळगुळीत की हात लावला तर अंड्यासारखा गार लागला.

"हमामखाना होता," बाइंडर म्हणाला. आवाज हळू होता, पण घुमटानं तो उचलून सगळीकडे पोचवला. "सराईला उतरणारे प्रवासी इथे आंघोळीला यायचे. बाकीचा पडला. एवढी खोली राहिली. माझ्या आजोबांनी घेतली, तेव्हापासून आम्ही इथेच पुस्तकं बांधतो. या उजेडात दोरा घालायला दिवा लागत नाही."

"खाली चौकोन आहे, मग वर गोल कसा बसला?" बायकोनं विचारलं. तिला खरंच जाणून घ्यायचं होतं.

बाइंडरचा चेहरा पहिल्यांदा उघडला. त्यानं खळीचं बोट वर केलं. "पायाला चौकोनच आहे, बाई. मग हे कोपरे बघा. प्रत्येक कोपऱ्यात एक छोटी कमान टाकली, चाराचे आठ झाले. आठांच्या वर आणखी बारीक कमानी, सोळा झाले. सोळा म्हणजे जवळजवळ गोलच. घाई केली नाही, एवढंच."

ज्यासाठी माणसं सफरीचं तिकीट काढतात ते हेच होतं, आणि ते सफरीत नव्हतं. त्यांनी वहीत काही लिहिलं नाही.

भिंतीशी खाट होती. तिच्यावर बाइंडरची बायको पडून होती. तिला बरं नव्हतं, आणि नोटीस लागल्यापासून बावीस दिवस तिला धड झोप नव्हती, हे चावीवाल्यानं कानात सांगितलं. ती कोपरावर रेलून उठली.

"साहेब, रेषा कुठून जाणार?"

या प्रश्नाला खरं उत्तर एकच होतं: मला माहीत नाही, बाई, मी अकरा नंबर आहे. मुद्देसाहेबांनी तिच्याकडे पाहिलं, घुमटाकडे पाहिलं, आणि ते म्हणाले, "इथून नाही."

"नक्की?"

"इथून नाही जाणार. मी बघतो."

बायकोनं त्यांची बाही इतक्या जोरात ओढली की शिवण उसवली. पण खाटेवरच्या बाईनं डोळे मिटले होते. मग डोळे न उघडताच तिनं नवऱ्याला सांगितलं, "माझी फणी द्या हो इकडे. किती दिवस केस तसेच आहेत."

आणि नेमक्या त्याच वेळी गल्लीतून लाउडस्पीकर गरजला. "अकरा आणि बारा नंबर! अकरा आणि बारा नंबर!"

गाइड दारात आला. मागे अठरा माणसं. "काका, इथे काय करताय? तुमच्यामुळे आमची सराई राहिली बघायची! सफरीत असं ग्रुप सोडून फिरायचं नसतं!"

"सफर?" चावीवाला म्हणाला.

बाइंडरनं मुद्देसाहेबांच्या गळ्यातला बिल्ला हातात घेतला, दाराच्या उजेडात धरला आणि वाचला. 'जुन्या शहराची पायी सफर, क्र. ११.' वाचून तो बिल्ला त्यानं अलगद होता तसा त्यांच्या छातीवर सोडला. ओरडला असता तर बरं झालं असतं.

"काय झालं? साहेब गेले का?" आतून त्याच्या बायकोनं विचारलं.

"नाही," बाइंडर म्हणाला. "आहेत."

गाइडचं लक्ष आता आत गेलं होतं. "अरे वा! हे काय आहे? हे कुणी सांगितलंच नाही मला." लोकांनी फोन बाहेर काढले. बाइंडरनं दार लावून घेतलं.

गल्लीत मुद्देसाहेबांनी नऊ अर्ज परत करायला हात पुढे केला. कुणीच हात पुढे केला नाही. ते तसेच उभे राहिले, अर्ज धरून. डोक्यावर अजून हेल्मेट होतंच. शेवटी बायको पुढे झाली, अर्ज तिनं काढून घेतले आणि पर्समध्ये ठेवले.

"हे मोजणीवाले नाहीत, चुकलंच त्यांचं," ती चावीवाल्याला म्हणाली. "पण चौतीस वर्षं कचेरीत होते. अर्ज पोचवतील. मी पोचवायला लावीन."

घरी आल्यावर बाही शिवता शिवता बायको एवढंच म्हणाली, "त्या बाईला झोप लागली असेल आत्ता. आता तुम्हाला झोपून चालणार नाही."

दुसऱ्या दिवसापासून मुद्देसाहेबांचं चालणं सुरू झालं. डॉक्टरांनी सांगितलेल्या पंचेचाळीस मिनिटांच्या तिप्पट. रस्ते खात्याची कचेरी शहराच्या एका टोकाला, नकाशांची दुसऱ्या टोकाला, आणि दोन्हींच्या जेवणाच्या सुट्ट्या अशा बेतानं ठेवलेल्या की एकीतून निघालेला माणूस दुसरीत पोचला की तिथे सुट्टी व्हावी. खिडकी क्रमांक चारवर एक कारकून होता, चष्मा कपाळावर ठेवून बोलणारा.

"अर्जदार तुम्ही?"

"मी नव्हे."

"मग तुम्ही कोण?"

या प्रश्नावर मुद्देसाहेब तीन दिवस अडकले. फॉर्मवर 'अर्जदाराशी नाते' असा रकाना होता आणि तो रिकामा सोडता येत नव्हता. त्यांनी 'परिचित' लिहिलं, तर कारकून म्हणाला परिचय कुठला ते लिहा. 'सफरीत भेट' असं लिहिल्यावर त्यानं पेन खाली ठेवलं आणि शेजारच्या खिडकीवरच्याला बोलावून दाखवलं. मुद्देसाहेब बाकावर बसून राहिले. चौतीस वर्षं आपणही असंच कुणाकुणाला बाकावर बसवलं होतं, हे त्यांना आठवत होतं. चेहरे मात्र आठवत नव्हते. त्याचंच जास्त वाईट वाटलं.

नकाशात बाइंडरच्या खोलीवर 'पडीक न्हाणीघर' असा शेरा होता. मुद्देसाहेबांनी नवी टिपणी लिहायला घेतली. सात वेळा लिहिली, सात वेळा फाडली. आठव्यांदा लिहिली ती त्यांच्या आयुष्यातली सर्वांत चांगली टिपणी झाली, हे ओव्हरसियरांनीही कबूल केलं. घुमट अर्धा कापता येत नाही, सगळे दगड एकमेकांच्या आधारानं उभे असतात, एक बाजू काढली की दुसरी आपोआप खाली येते, हे त्यांनी आकृती काढून दाखवलं. कमानीबद्दलचं वाक्य वेशीपाशी निळ्या पेनानं लिहून घेतलेलं होतं. तेवढे गाइडचे उपकार.

टिपणी कुणा कनिष्ठ अभियंत्याच्या टेबलावर जाऊन पडली आणि आश्चर्य म्हणजे त्यानं ती वाचली. पाचव्या आठवड्यात पत्र आलं. 'आपले निवेदन विचारात घेऊन सदर वळणावर रस्त्याची मध्यरेषा साडेपाच फूट पश्चिमेस सरकवण्यात येत आहे. न्हाणीघर आखणीतून वगळण्यात येत आहे.'

मुद्देसाहेबांनी पत्र तीनदा वाचलं. बायकोनं एकदा वाचलं आणि चहा टाकला. मुख्याध्यापिकाबाई आल्या, ओव्हरसियर आले. मुद्देसाहेब खूप वर्षांनी मोठ्यानं बोलत होते. ओव्हरसियरांनी पत्र हातात घेतलं, चष्मा पुसला, आणि धंद्यातल्या माणसाच्या सहजपणानं विचारलं, "पश्चिमेला काय आहे?"

मुद्देसाहेबांनी डोळ्यांपुढे गल्ली आणली. मशिदीकडून येताना उजवीकडे घुमट. डावीकडे लाल छत्री. छत्रीमागे खोली, जिची फक्त पायरी जात होती.

"रस्ता वीस फुटी म्हणजे वीस फुटीच," ओव्हरसियर म्हणाले. "इकडे सोडलं ते तिकडे घेणार."

बाइंडर दोन दिवसांनी घरी आला. कापडी बांधणीची एक कोरी वही त्यानं कागदात गुंडाळून आणली होती. बायको आता झोपते, असं म्हणाला. तो चहा घेत असतानाच पुन्हा बेल वाजली. दारात चावीवाला होता. हातात नवी नोटीस.

दोघांनी एकमेकांना पाहिलं. चाळीस वर्षं एका गल्लीत समोरासमोर बसलेली माणसं, आणि एका परक्या दिवाणखान्यात नजर ठेवायला जागा शोधत होती. चावीवाला शेवटी कडेला बसला.

"साहेब, तुम्ही चांगलंच केलंत," तो म्हणाला. "तुमच्या चांगल्याला गल्लीत जागा कमी पडली, एवढंच. आता माझाही एक अर्ज लिहून द्या."

मुद्देसाहेबांनी तिथेच लिहून दिला. शेवटी एक जागा रिकामी राहिली. नव्या आखणीला हरकत घ्यायची तर समोरच्या मिळकतदाराची सही लागत होती. मध्यरेषा मूळ जागी परत न्यावी, यास आमची संमती आहे, अशी. अर्ज टेबलावर होता, पेन त्यावर होतं, आणि समोरचा मिळकतदार टेबलापलीकडे बसला होता.

बाइंडरनं अर्ज सावकाश वाचला. कागद बोटांनी चाचपला, जसा धंद्यातला माणूस चाचपतो. "दोन्ही वाचतील, असं नाही लिहिता येत?"

"लिहिता येतं," मुद्देसाहेब म्हणाले. "होत नाही."

"उद्या सही करतो," बाइंडर म्हणाला आणि उठला. "उद्या नक्की येतो."

तो आला नाही. परवाही आला नाही. चावीवाल्यानं त्याला विचारलं नाही, मुद्देसाहेबांनीही विचारलं नाही. काय विचारणार? खाटेवरची ती बाई झोपत होती. अर्ज तसाच दिला. अकरा दिवसांनी तो परत आला. चष्मा कपाळावर ठेवणाऱ्या कारकुनानं सुबक अक्षरात शेरा मारला होता, 'समोरील मिळकतदाराची सही नाही.'

खोली पाडली त्या दिवशी मुद्देसाहेब आणि बायको दोघंही गेले. काम फार वेळाचं नव्हतं. पाठीमागची भिंत तेवढी राहिली, तिच्यावर रिकाम्या खिळ्यांच्या रांगा. चावीवाल्यानं आपलं यंत्र, कानशी आणि कुलपांच्या पेट्या आधीच रस्त्यावर काढून ठेवल्या होत्या आणि तो एका पेटीवर बसला होता. बायकोनं त्याला पाणी दिलं. जाणार कुठे, असं विचारायची कुणाची छाती झाली नाही. तेवढ्यात समोरचं ठेंगणं दार उघडलं. बाइंडर बाहेर आला, कुणाकडे न बघता त्यानं चावी घासायचं यंत्र दोन्ही हातांनी उचललं आणि आत नेलं. मग परत येऊन पेटी नेली. चावीवाला बसल्या जागेवरून बघत राहिला. तिसऱ्या खेपेला, तो बसला होता ती पेटी नेण्यासाठी बाइंडर समोर येऊन उभा राहिला, तेव्हा तो उठला.

त्यानंतर महिनाभरानं मुद्देसाहेब एकटेच तिकडे गेले. रस्त्याचं काम थांबलं होतं. पुढील आदेश येईपर्यंत थांबवल्याची पाटी होती. पाडलेल्या जागेत विटांचे तुकडे पडले होते. आत घुमटाखाली अर्ध्या खोलीत पुस्तकांच्या थप्प्या, अर्ध्या खोलीत कुलपं. दोघं पाठीला पाठ लावून बसले होते. बाइंडर पानं शिवत होता. चावीवाल्याचं यंत्र किरकिरत होतं आणि घुमट ती किरकिर दुप्पट करून परत देत होता. खाटेवरच्या बाईनं मुद्देसाहेबांना बसायला सांगितलं.

"झोप लागते का या आवाजात?" त्यांनी विचारलं.

"लागते," ती म्हणाली. मग त्या दोघांच्या पाठींकडे बघत म्हणाली, "मलाच लागते."

चावीवाल्यानं यंत्र बंद केलं. चावी उजेडात धरून तिचे दात बघत तो म्हणाला, "सही झाली असती ना साहेब, तर आज हा माझ्या खोलीत बसला असता. फरक तो एवढाच. आणि माझ्या खोलीत दिवसाही दिवा लावावा लागायचा."

बाइंडरची सुई थांबली. तो वळला नाही. दोरा कागदातून अर्धा बाहेर आलेला, आणि वरून आलेला उजेड त्याच्या वाकलेल्या मानेवर. चावीवाल्यानं यंत्र पुन्हा सुरू केलं, तेव्हा सुई चालू झाली.

घरी आल्यावर बायकोनं विचारलं, "बोलतात का एकमेकांशी?"

"एक बोलतो," मुद्देसाहेब म्हणाले. "दुसरा काम थांबवून ऐकतो."